हयातीचा दाखला : जुन्या वायफाय कंट्रोलरची गोष्ट

(आपल्या ताज्या भागाची ही लेखी आवृत्ती. ऐकायला वेळ नसेल त्यांनी वाचा, वाचायचा कंटाळा असेल त्यांनी ऐका.)



दर वर्षी नोव्हेंबर आला की पेन्शनवाल्या आजी-आजोबांची एक धावपळ सुरू होते. हयातीचा दाखला द्यायची. बँकेत जाऊन, किंवा आता मोबाईलवरून, 'मी अजून आहे' हे सिद्ध करायचं. आजोबा काउंटरसमोर ठणठणीत उभे असतात, क्लार्कशी गप्पाही मारत असतात. पण दाखल्याची मुदत संपली असेल तर पेन्शन थांबते. कागदाच्या लेखी ते नाहीतच.

आजची गोष्ट अशाच एका दाखल्याची आहे, फक्त तो माणसांचा नाही, यंत्रांचा आहे. २०१५ सालच्या जुलैपासून जगात ठिकठिकाणी एक विचित्र प्रकार सुरू झाला. छताला लावलेले वायफायचे डबे, दहा वर्षं इमानेइतबारे चाललेले, एकदा बंद होऊन परत सुरू झाले की नेटवर्कमध्ये येईनात. तार तुटलेली नव्हती, चिप जळालेली नव्हती, पासवर्ड कुणी बदललेला नव्हता. त्यांचा दाखला संपला होता.

हे का झालं ते समजून घ्यायचं तर थोडं मागे जावं लागेल. आणि शेवटी आपण तुमच्या खिशातल्या फोनपर्यंत येणार आहोत, तेव्हा शेवटपर्यंत थांबा.

'नंतर करा' हे बटण

आधी एक शब्द. फर्मवेअर. १९६७ साली ॲशर ऑप्लर या संगणकतज्ज्ञाने 'डेटामेशन' मासिकातल्या एका लेखात हा शब्द वापरला. हार्डवेअर म्हणजे हाताला लागणारी वस्तू, सॉफ्टवेअर म्हणजे सहज बदलता येणारा प्रोग्रॅम, आणि या दोघांच्या मधलं ते फर्मवेअर. त्याचा अर्थ तेव्हा थोडा वेगळा होता. आज आपण यंत्राच्या आत मुरलेल्या प्रोग्रॅमला फर्मवेअर म्हणतो. राउटरमध्ये असतं, टीव्हीत असतं, फोनच्या वायफाय चिपमध्येसुद्धा वेगळं असतं.

फर्मवेअर बदलता येतं, पण सहज नाही. आणि चालू असलेल्या यंत्राला हात कशाला लावायचा, असं आपल्या सगळ्यांनाच वाटतं. फोनवर 'अपडेट आलं आहे' दिसलं की आपलं बोट आपोआप 'नंतर करा'वर जातं. वायफायचा इतिहास मात्र असा आहे की त्यात 'नंतर'ची किंमत फार मोठी पडलेली आहे.

पहिलं कुलूप

वायफायचं पहिलं मानक, ८०२.११, १९९७ साली आलं. १९९९ मध्ये त्याची वेगवान आवृत्ती आली, त्याच वर्षी ॲपलने एअरपोर्ट बाजारात आणलं, आणि 'वायफाय' हे नावही तेव्हाच रुजलं. हवेतून जाणारी माहिती कुणीही ऐकू शकतो, म्हणून मानकात एक कुलूप दिलेलं होतं. त्याचं नाव वेप. नावाचाच अर्थ होता तारेच्या जोडणीइतकी गोपनीयता.

हे कुलूप कसं चालायचं? तुमच्या पासवर्डपासून बनलेल्या किल्लीला प्रत्येक पाकिटासाठी एक नवा आकडा जोडायचा, आणि त्या दोघांतून माहिती झाकायची. तो आकडा होता फक्त २४ बिटांचा. म्हणजे एकूण १ कोटी ६७ लाख ७७ हजार २१६ आकडे. ऐकायला खूप वाटतात, पण गजबजलेल्या नेटवर्कवर पाकिटं इतकी असतात की काही तासांत सगळे आकडे वापरून होतात आणि तेच ते परत यायला लागतात. एकच चावी दोनदा वापरली की चोराचं काम सोपं होतं.

२००१ साली फ्लुरर, मँटिन आणि शमीर या तिघांनी त्याहून वाईट बातमी दिली. वेपमध्ये वापरलेल्या आरसी-४ या पद्धतीत असा दोष होता की पुरेशी पाकिटं नुसती ऐकत बसलं तरी मूळ किल्ली काढता येते. त्याच वर्षी दुसऱ्या संशोधकांनी हे प्रत्यक्ष करून दाखवलं आणि फुकट मिळणारी साधनंही आली. कुलूप मोडलं होतं.

खरा प्रश्न त्यानंतर सुरू झाला. विकली गेलेली कार्डं आणि डबे लोकांच्या घरात, दुकानांत, गोदामांत, कॉलेजांत लागून गेलेले होते. त्यांचं काय करायचं? सगळं फेकून नवं घ्या, असं सांगायचं? की आहे त्याच यंत्रात फर्मवेअर बदलून काम भागवायचं?

जुन्या यंत्रासाठी हलकं कुलूप

इथे इंजिनिअरांनी एक निर्णय घेतला, आणि तो मला या सगळ्या गोष्टीतला सर्वात माणुसकीचा निर्णय वाटतो. त्यांनी ठरवलं की जुन्या यंत्रांना वाऱ्यावर सोडायचं नाही.

अडचण अशी की जुन्या यंत्रांत प्रोसेसर अगदी दुबळा होता. मजबूत कुलूप त्याला पेलवणार नव्हतं. म्हणून टीकेआयपी नावाची मधली व्यवस्था तयार झाली. आत जुनं आरसी-४ च, कारण ते चिपमध्येच कोरलेलं, पण प्रत्येक पाकिटासाठी किल्ली नव्याने घोटायची. आणि पाकिटात कुणी वाटेत फेरफार केली का हे तपासायला नील्स फर्ग्युसन या तज्ज्ञाने 'मायकल' नावाची एक तपासणी बनवली. ती हलकी होती, आणि हलकी असल्यामुळे कच्ची होती. साधारण साडेदहा लाख प्रयत्नांत एक खोटं पाकीट आत शिरेल, इतकीच तिची ताकद. संगणकाला साडेदहा लाख म्हणजे काहीच नाही.

मग त्यांनी काय केलं? एका मिनिटात दोन खोटी पाकिटं सापडली की नेटवर्क साठ सेकंद बंद. हिशेब करून बघा. मिनिटाला दोन प्रयत्न, तर साडेदहा लाख प्रयत्नांना जवळपास एक वर्ष लागतं. कुलूप कमजोर आहे हे मान्य करून त्यांनी चोराचा वेळ वाढवला. याचा तोटाही होता. एखाद्या खोडसाळाने मुद्दाम दोन खोटी पाकिटं पाठवली तर सगळ्यांचंच वायफाय मिनिटभर बंद पडायचं. पण दुसरा इलाज नव्हता.

ही व्यवस्था डब्ल्यूपीए या नावाने २००३ मध्ये बाजारात आली. तिच्या पाठोपाठ २००४ मध्ये पक्कं कुलूप आलं, डब्ल्यूपीए-२, पण त्यासाठी बहुतेक जुनी यंत्रं बदलावी लागणार होती. मधल्या काळासाठी जुन्यांना फर्मवेअरने वाचवायचं, अशी ती योजना.

ती सगळ्यांपर्यंत पोहोचली का? नाही. लॅपटॉपमधली कार्डं बऱ्यापैकी सुधारता आली. पण भिंतीवरच्या डब्यांत बदल जास्त करावे लागणार होते, त्यामुळे २००३ आधीचे बहुतेक डबे तसेच राहिले. आणि जिथे बदल शक्य होता तिथेही तो करायला माणूस जागचा हलला पाहिजे ना!

अमेरिकेतल्या टीजेएक्स या दुकानांच्या साखळीत तो वेळेवर हलला नाही. मिनेसोटातल्या सेंट पॉल गावाजवळच्या त्यांच्या एका दुकानात वायफायला वेपचंच कुलूप होतं. २००५ साली चोर तिथून आत शिरले आणि कंपनीच्या मुख्य संगणकांपर्यंत पोहोचले. २००७ मध्ये प्रकरण बाहेर आलं तेव्हा कंपनीनेच मान्य केलेला आकडा होता ४ कोटी ५७ लाख कार्डांचा. बँकांच्या मते तो त्याच्या दुपटीच्या आसपास होता. वेपचा दोष तोपर्यंत सगळ्या जगाला माहीत होता आणि नवीन कुलूपही २००३ पासून उपलब्ध होतं.

नवी मुंबईतलं एक घर

आपल्याकडे वायफाय थोडं उशिरा पसरलं. २.४ गिगाहर्ट्झचा पट्टा विनापरवाना वापरायची मोकळीक देणारा नियम जानेवारी २००५ मध्ये आला. घरोघरी राउटर लागू लागले, आणि त्यातले कित्येक कुलुपाशिवाय.

२६ जुलै २००८. अहमदाबादमध्ये बॉम्बस्फोट झाले, आणि त्याच्या काही मिनिटं आधी वृत्तवाहिन्यांना एक धमकीचा ईमेल गेला. तपासात तो नवी मुंबईतल्या एका घराच्या इंटरनेट जोडणीतून निघाल्याचं दिसलं. त्या घरातल्या माणसाचा त्याच्याशी काही संबंध नव्हता, कुणीतरी त्याचं वायफाय वापरलं होतं. पुढच्या महिन्यांत असे आणखी ईमेल मुंबईतल्या दुसऱ्यांच्या वायफायमधून गेले. २००९ च्या सुरुवातीला मुंबई पोलिसांनी उघडी वायफाय नेटवर्कं शोधत फिरायची मोहीम जाहीर केली, आणि दूरसंचार विभागानेही इंटरनेट कंपन्यांना वायफाय सुरक्षित करण्याच्या सूचना काढल्या.

या प्रकरणातली एक गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. पोलीस त्या घरापर्यंत पोहोचले ते नोंदींवरून. कोणत्या वेळी कोणत्या जोडणीतून काय गेलं, याची नोंद. त्यातली वेळ बरोबर असेल तरच तिला अर्थ.

डोकं एका जागी

आता येऊ कंट्रोलरकडे. घरात एक राउटर असतो. कॉलेजात, हॉस्पिटलात, विमानतळावर शेकडो डबे लागतात. सुरुवातीला प्रत्येक डबा स्वतंत्र होता, त्याचं डोकं त्याच्यातच. तीनशे डबे असतील तर तीनशे ठिकाणी पासवर्ड बदला, तीनशे ठिकाणी फर्मवेअर चढवा. वेप मोडल्यावर ही कटकट सगळ्यांच्या लक्षात आली.

म्हणून २००१-०२ च्या सुमारास एअरस्पेस, अरुबा अशा नव्या कंपन्या उभ्या राहिल्या. त्यांची कल्पना सोपी. डोकं काढून एका पेटीत ठेवायचं आणि छतावर नुसते हात-कान ठेवायचे. ती पेटी म्हणजे कंट्रोलर. तुम्ही कॉलेजात वर्गातून कँटीनपर्यंत चालत जाता आणि व्हिडिओ कॉल तुटत नाही, त्यामागे बहुधा अशीच एखादी पेटी एसी लावलेल्या कुलूपबंद खोलीत बसलेली असते. २००५ मध्ये सिस्को कंपनीने एअरस्पेस ४५ कोटी डॉलरच्या आसपास किमतीला घेण्याचं जाहीर केलं. डबे आणि कंट्रोलर एकमेकांशी बोलण्याची भाषा पुढे २००९ मध्ये कॅपवॅप या नावाने खुलं मानक झाली.

या व्यवस्थेत अपडेट कसं चालतं ते बघा. कंट्रोलरवर नवं फर्मवेअर चढवायचं. जुनी आवृत्ती दुसऱ्या कप्प्यात राखून ठेवतात, म्हणजे काही बिघडलं तर मागे फिरता येतं. मग कंट्रोलर बंद करून सुरू करायचा. छतावरचा प्रत्येक डबा त्याला शोधत येतो, आपली आवृत्ती त्याच्याशी ताडून बघतो, वेगळी असेल तर नवी उतरवून घेतो, स्वतः बंद होऊन सुरू होतो आणि मग कामाला लागतो. शेकडो डब्यांचं काम एका पेटीवरून होतं. हे सगळं रात्री करतात, कारण त्या वेळात कुणाच्याच फोनला वायफाय नसतं.

पण यात एक गाठ आहे. नवे डबे घेतले तर त्यांना नवं फर्मवेअर लागतं. नवं फर्मवेअर जुन्या डब्यांना ओळखत नाही. आणि कंट्रोलर जुना असेल तर ते त्याच्यावर चढतच नाही. उदाहरणार्थ, सिस्कोचा ५५०८ हा २००९ चा लोकप्रिय कंट्रोलर ८.५ मालिकेपर्यंत गेला आणि थांबला. पुढची ८.१० मालिका त्याच्यासाठी नव्हतीच. म्हणजे नेटवर्क सांभाळणाऱ्याला एकाच वेळी दोन पिढ्यांना एका घरात नांदवायचं असतं.

कारखान्यातला जन्मदाखला

डोकं एका जागी आणलं की नवा धोका येतो. उद्या कुणी खोटा कंट्रोलर लावला आणि सगळे डबे त्याचं ऐकू लागले तर? किंवा खोटा डबा येऊन खऱ्या कंट्रोलरला जोडला गेला तर? म्हणून दोघांनी आधी एकमेकांना ओळखपत्र दाखवायचं. सिस्कोच्या एअरोनेट मालिकेतल्या डब्यांत २००५ च्या जुलैच्या मध्यापासून हे डिजिटल प्रमाणपत्र कारखान्यातच बसवलेलं असायचं.

त्या प्रमाणपत्रावर दोन तारखा होत्या. कधीपासून आणि कधीपर्यंत. मुदत दहा वर्षं.

२००५ साली दहा वर्षं म्हणजे खूपच वाटली असतील. २००५ मध्ये स्मार्टफोन आजच्यासारखा नव्हताच. इतका जुना डबा २०१५ साली कोण वापरणार? पण डबे टिकले. कॉलेजांकडे आणि सरकारी हॉस्पिटलांकडे दर पाच वर्षांनी सगळं बदलायला पैसे नसतात. चाललंय ना, चालू दे.

आणि २०१५ उजाडलं. सिस्कोने याबद्दल जाहीर सूचना काढली. प्रमाणपत्राची मुदत संपलेला डबा आणि कंट्रोलर यांचं नातं जुळणार नाही. यातली सर्वात फसवी बाब म्हणजे जोडलेला डबा त्या तारखेला लगेच बंद पडत नव्हता. एकदा ओळख पटली की ती पुढे चालायची. पण वीज जाऊन आली, किंवा कुणी कंट्रोलर रीस्टार्ट केला, की पुन्हा ओळखपत्र दाखवायची वेळ यायची, आणि तेव्हा दार बंद. कल्पना करा, तुम्ही नेटवर्क सांभाळताय. काल सगळं ठीक होतं. रात्री दहा मिनिटं वीज गेली, आणि सकाळी निम्मे मजले अंधारात. तुम्ही तारा तपासता, स्विच तपासता, दिवसभर डोकं खाजवता. डबे मात्र धडधाकट.

कायमचा उपाय होता फर्मवेअर अपडेट. नव्या आवृत्तीत कंट्रोलरला एक आज्ञा देता यायची की कारखान्यातल्या प्रमाणपत्राची तारीख बघू नकोस, बाकी सगळं तपास. ज्यांनी अपडेट वेळेवर केलं होतं त्यांना एक ओळ टाइप करून सुटका मिळाली. ज्यांनी वर्षानुवर्षं 'नंतर करा' म्हटलं होतं त्यांच्यासाठी तात्पुरता उपाय असा होता की कंट्रोलरचं घड्याळ मागे न्या. इंटरनेटवरून वेळ जुळवणं बंद करा, तारीख दोन वर्षं मागे टाका, आणि डब्यांना वाटू द्या की आपण अजून त्या सालात आहोत.

हे चाललं. पण आता दोन गोष्टी बघा. एक, मुदत दोन्ही बाजूंनी असते. घड्याळ २०१३ वर ठेवलं आणि २०१४ मध्ये बनलेला डबा जोडायला गेलात, तर कंट्रोलर म्हणणार, याचा तर अजून जन्मच झालेला नाही. आजोबा आत येतात आणि नातू बाहेर राहतो. दुसरी गोष्ट नोंदींची. घड्याळच खोटं असेल तर नोंदीतली प्रत्येक वेळ खोटी. मघाशी नवी मुंबईची आठवण ठेवा म्हटलं होतं ते यासाठी. उद्या चौकशी झाली तर त्या नेटवर्कची वही काहीच कामाची नाही.

४ डिसेंबर २०२२

एकदा ठेच लागल्यावर माणूस शहाणा होतो म्हणतात. पण दाखले एक नसतात, अनेक असतात.

डब्याचं ओळखपत्र वेगळं आणि फर्मवेअरच्या फाईलवरची सही वेगळी. फाईल खरंच कंपनीचीच आहे, वाटेत कुणी बदललेली नाही, हे त्या सहीवरून कळतं. सही करणाऱ्या प्रमाणपत्रालाही मुदत असते. सिस्कोच्या जुन्या प्रणालीवर चालणाऱ्या डब्यांच्या बाबतीत ती मुदत ४ डिसेंबर २०२२ ला संपली. रविवार होता.

त्यानंतर अपडेट करायला गेलं की काही डबे 'उतरवतोय, उतरवतोय' एवढ्यावरच अडकून राहायचे. फाईल घ्यायचे, सही तपासायचे, मुदत संपलेली दिसायची, फाईल टाकून द्यायचे, आणि परत मागायचे. म्हणजे जे अपडेट करून यंत्र वाचवायचं, तेच अपडेट आत जाईना. आणि यावेळी चूक 'नंतर करा'वाल्याची एकट्याची नव्हती. कपाटात जपून ठेवलेला एखादा सुटा डबा काढून लावला तरी तो आधी कंट्रोलरकडे फर्मवेअर मागणार, आणि तिथेच अडकणार.

कंपनीने दुरुस्त केलेल्या आवृत्त्या काढल्या. आणि तोवर तात्पुरता उपाय? बरोबर ओळखलंत. घड्याळ ४ डिसेंबरच्या मागे न्या, अपडेट उतरवून घ्या, मग घड्याळ जागेवर आणा. सात वर्षांनी परत तीच युक्ती.

मग दाखला काढूनच टाकावा का?

तुमच्यापैकी कुणी म्हणेल, या सह्या-दाखल्यांची भानगडच नको. यंत्र माझं, त्यात काय घालायचं ते मी ठरवेन.

या मताच्या बाजूने एक सुंदर उदाहरण आहे. लिंक्सिस कंपनीचा डब्ल्यूआरटी-५४जी हा निळा-काळा घरगुती राउटर, २००२ च्या अखेरीस आलेला. २००३ मध्ये लोकांच्या लक्षात आलं की त्याच्या फर्मवेअरमध्ये लिनक्स आहे, आणि लिनक्सच्या परवान्यानुसार त्याचा सोर्स कोड लोकांना द्यायला हवा. दबाव आला, कोड खुला झाला, आणि २००४ मध्ये ओपनडब्ल्यूआरटी हा प्रकल्प सुरू झाला. कंपनीने सोडून दिलेले राउटर हौशी लोकांच्या फर्मवेअरवर पुढे कित्येक वर्षं चालले. कुलूप लावलेलं नव्हतं, म्हणून दुसऱ्या कुणाला तरी आत येऊन दुरुस्ती करता आली.

आता दुसरी बाजू. २०१८ च्या मे महिन्यात व्हीपीएनफिल्टर नावाचा घातक प्रोग्रॅम उघडकीला आला. किमान ५४ देशांतले किमान ५ लाख राउटर आणि तशीच यंत्रं त्याने ग्रासलेली होती. बहुतेक जुनी, अपडेट न केलेली. उघड्या दारातून दुरुस्ती करणारा येतो तसा चोरही येतो. हॉस्पिटलच्या नेटवर्कमध्ये कुणीही काहीही घालू शकेल, हे आपल्याला चालेल का?

म्हणून सही नको, असं मी म्हणणार नाही. सही हवी. पण सही मागणाऱ्याने ती वेळेवर नवी करून द्यायची जबाबदारीही घेतली पाहिजे. बँक हयातीचा दाखला मागते ते ठीक, पण दाखला घ्यायचं काउंटरच बंद करून टाकलं तर?

आता खिशाकडे वळू

तुमच्या फोनमध्येही हेच सगळं आहे, फक्त लहान आकारात. २०१७ साली ब्रॉडपॉन नावाचा दोष सापडला. फोनच्या ब्रॉडकॉम वायफाय चिपच्या फर्मवेअरमधला. तुम्ही काहीही न दाबता, नुसतं वायफाय चालू असताना फोनवर हल्ला शक्य होता, आणि त्यात अँड्रॉइड व आयफोन दोन्ही आले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मॅथी व्हॅनहूफ या बेल्जियमच्या संशोधकाने डब्ल्यूपीए-२ मधला 'क्रॅक' हा दोष जाहीर केला. २०२१ मध्ये त्यानेच आणखी काही दोष दाखवले, त्यातले काही थेट १९९७ च्या मूळ रचनेतले. चोवीस वर्षं ते तिथेच बसून होते. प्रत्येक वेळी उपाय एकच होता. अपडेट. आणि ज्याच्या फोनला अपडेट येणं बंद झालेलं होतं, त्याला तो उपाय नव्हता.

दाखल्याचा प्रसंगही फोनवर येता येता राहिला. लेट्स एन्क्रिप्ट ही संस्था लाखो वेबसाइटना फुकट प्रमाणपत्रं देते. ती ज्या जुन्या मूळ प्रमाणपत्राच्या आधारावर उभी होती, त्याची मुदत ३० सप्टेंबर २०२१ ला संपणार होती. ७.१.१ च्या आधीचं अँड्रॉइड नव्या मूळ प्रमाणपत्राला ओळखत नव्हतं. आणि २०२० च्या अखेरीस जगातल्या अँड्रॉइड फोनपैकी जवळजवळ एक तृतीयांश फोन इतके जुने होते. म्हणजे एका सकाळी कोट्यवधी लोकांच्या फोनवर असंख्य वेबसाइट उघडल्या नसत्या.

ते टळलं, आणि कशामुळे टळलं हे ऐकण्यासारखं आहे. अँड्रॉइड मूळ प्रमाणपत्राची मुदत संपली की नाही हे तपासतच नाही. ही फट हेरून संस्थेने त्या जुन्या प्रमाणपत्राकडूनच मुदतीपलीकडची नवी सही मिळवली आणि जुन्या फोनना २०२४ पर्यंत तारून नेलं. टीकेआयपी बनवणाऱ्यांनी २००३ मध्ये केलं होतं तेच हे. ज्यांना नवा फोन परवडत नाही त्यांनाही धरून पुढे जायचं.

तारीख विचारा

तर मंडळी, माझं म्हणणं एवढंच. यंत्र बिघडलं की जुनं होतं असं आपण समजतो. या पंचवीस वर्षांत वायफायची कितीतरी यंत्रं न बिघडता संपली. त्यांच्यामागे उभं राहणारं, त्यांच्यासाठी सही करणारं कुणी उरलं नाही, म्हणून संपली. आणि ती तारीख आपल्याला खोक्यावर कुणी छापून दिली नव्हती.

आता थोडं बदलतंय. ब्रिटनमध्ये एप्रिल २०२४ पासून कायदा आहे की इंटरनेटला जोडलं जाणारं यंत्र विकताना त्याला किमान कधीपर्यंत सुरक्षेची अपडेट मिळतील ते सांगायचं. युरोपीय संघाचा याबाबतचा कायदा डिसेंबर २०२४ मध्ये अमलात आला, त्याच्या मुख्य अटी डिसेंबर २०२७ पासून लागू होतील, आणि त्यात सर्वसाधारणपणे किमान पाच वर्षं अपडेट द्यायची अट आहे. आपण मात्र अजून दुकानात कॅमेरा किती मेगापिक्सेलचा एवढंच विचारतो.

म्हणून आज दोन कामं करा. फोनच्या सेटिंगमध्ये जाऊन सिक्युरिटी अपडेटची शेवटची तारीख बघा. आणि घरातल्या राउटरच्या खालच्या बाजूला मॉडेलचं नाव लिहिलेलं असतं, ते शोधून त्याला शेवटचं फर्मवेअर कधी आलं ते बघा. चार वर्षांपूर्वीची तारीख निघाली तर घाबरू नका, पण यापुढे तो डबा जिवंत दिसतो म्हणून त्याच्यावर विसंबू नका. आणि पुढचा फोन घेताना काउंटरवरच्या माणसाला नक्की विचारा, 'दादा, याला अपडेट कधीपर्यंत येणार?' तो गोंधळेल. दहा जणांनी विचारलं की उत्तर शोधून ठेवेल.

येत्या नोव्हेंबरात आजोबांना घेऊन बँकेत जाल, तेव्हा रांगेत उभं राहून हा भाग त्यांनाही ऐकवा. त्यांना बरोबर कळेल.

भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत 'नंतर करा' दाबू नका!